पाठमोऱ्या माणसाची वाक्यं

"खांदे हलत नाहीत," रिसबूडकाका म्हणाले.

कानावरचा हेडफोन त्यांनी अर्धा बाजूला सारला होता. समोरच्या पडद्यावर एक जर्मन माणूस अर्धवट उघड्या दारापुढे उभा होता, आपल्याकडे पाठ करून. अकरा सेकंद उभा राहायचा, चित्र तुटायचं, की पुन्हा पहिल्यापासून उभा. तेव्हा डबिंग असंच चालायचं. फिल्मचा तेवढाच तुकडा टोकाला टोक चिकटवून गोल करायचा आणि तो प्रोजेक्टरवर फिरत ठेवायचा. नटाचं वाक्य नेमकं बसेपर्यंत पडद्यावरच्या माणसाची सुटका नाही आणि नटाचीही नाही.

"बोलणाऱ्या माणसाचे खांदे हलतात, दत्ता. इतकी वर्षं माईकपुढे काढलीत मी. हा माणूस गप्प आहे. आणि कागदावर याला चार वाक्यं दिलीयत."

काचेच्या अलीकडे माझ्याशेजारी असलेल्या दत्ता भालेरावांनी माझ्याकडे पाहिलं. भालेराव डबिंगचे दिग्दर्शक. माणूस सरळ, कामाला पक्का, पण जर्मनचं एक अक्षर येत नव्हतं.

"वृंदाताई, मुळात आहेत ना ही वाक्यं?"

"आहेत," मी म्हणाले. "प्रिंट जुनी आहे, शेवटच्या रिळाचा आवाज गेलाय. संहितेत आहेत."

मी जर्मन संहिता उघडून त्यांच्यापुढे धरली आणि एका ओळीवर बोट ठेवलं. भालेरावांनी मान डोलावली. त्या ओळीचा अर्थ होता, 'तो बराच वेळ काही न बोलता उभा राहतो.'

मी धडधडीत खोटं बोलत होते. या अकरा सेकंदांसाठी मी सहा महिने थांबले होते. खरं तर नऊ वर्षं.

ही गोष्ट अठ्ठ्याऐंशी सालची, पुण्यातली. एका जर्मन संस्थेनं आपल्याकडच्या दूरदर्शनला तीन भागांचं एक टीव्ही नाटक दिलं होतं आणि मराठी भाषांतराचं काम माझ्याकडे आलं होतं. नाटक हिटलरच्या काळातलं. एका लहानशा गावात ब्रांट नावाचा शाळामास्तर असतो. शाळेतली पोरं झेंडे घेऊन रस्त्याच्या कडेला उभी करीन, अशा कागदावर त्याला सही करायला सांगतात. तो करत नाही. त्याचा मित्र केसलर, चर्चमध्ये ऑर्गन वाजवणारा, दर रविवारी त्याच्याकडे बुद्धिबळ खेळायला येणारा, त्याच्याविरुद्ध वर पत्र पाठवतो. ब्रांटला नेतात. त्याच्यापुढे कागद येत राहतात आणि तो नाही म्हणत राहतो. शेवटी तो परत येत नाही. युद्ध संपल्यावर केसलर त्याच्या बायकोच्या दारात जाऊन उभा राहतो, आणि त्याला एक शब्द सुचत नाही. तिथं नाटक संपतं.

पहिल्यांदा पाहिलं तेव्हा मी संस्थेच्या त्या लहानशा खोलीत ओक्साबोक्शी रडले होते. यंत्र चालवणाऱ्या माणसाला वाटलं, बाई फार हळवी आहे. हळवेपणाचा काही संबंध नव्हता. ते आमच्या घरचं नाटक होतं, फक्त एका गोष्टीचा फरक होता. ब्रांटनं सही केली नाही. माझ्या वडिलांनी केली होती.

आप्पा कराडला हायस्कुलात गणित शिकवायचे. होनप मास्तर. पंचाहत्तर सालच्या ऑक्टोबरात, आणीबाणी लागून चार महिने झाले होते तेव्हा, कुणी पुढारी गावात यायचा होता आणि पोरांना उन्हात उभं करून टाळ्या वाजवायला लावायचं ठरत होतं. आप्पा म्हणाले, "माझ्या वर्गातली मुलं टाळ्या वाजवायला उभी राहणार नाहीत." एवढंच वाक्य. तेही आमच्या ओसरीवर, बुद्धिबळाच्या पटावर, रविवारी सकाळी. समोर खेळायला रिसबूडकाका होते, त्याच शाळेत मराठी शिकवणारे. तिसरी ऐकणारी आई, पोह्यांच्या बशा घेऊन आलेली.

आठ दिवसांनी आप्पांना नेलं. ते वाक्य एका निनावी पत्रातून पोलिसांकडे पोचलं होतं आणि त्याला शेपूट जोडलेलं होतं. 'वेळ आली तर हीच पोरं दगड उचलतील.' हे आप्पा बोलले नव्हते. दगड काय, वर्गात खडू फेकून मारणारे मास्तरसुद्धा त्यांना आवडत नसत. तरी चौथ्या दिवशी आप्पांनी सही करून टाकली. वाक्यही माझं, शेपूटही माझंच, मीच बोललो. सतरा महिने तुरुंगात गेले, नोकरी गेली आणि छातीत कफ घेऊन आप्पा परत आले.

मी तेव्हा एकवीस वर्षांची होते आणि त्या वयात माणसाला दुसऱ्याच्या शौर्याबद्दल फार अपेक्षा असतात. मी विचारलं, "बोलला नव्हतात, तर सही का केलीत?"

आप्पा म्हणाले, "दमलो होतो गं."

मला ते उत्तर सोसलं नाही. चार दिवसांत दमले? मारलं असतं, उपाशी ठेवलं असतं तर समजले असते, पण आप्पाच म्हणायचे की कुणी हात लावला नाही. पुढची दोन वर्षं, ते जाईपर्यंत, मी त्यांच्याशी औषध घेतलं का, पंखा लावू का, एवढंच बोलले. एकोणऐंशीत ते गेले. तेराव्यानंतर आईनं सांगितलं की ते पत्र पोलीस अधिकाऱ्यानं आप्पांच्या पुढ्यात धरलं होतं आणि आप्पांनी अक्षर ओळखलं होतं. शाळेच्या दर्शनी फळ्यावर रोजचा सुविचार लिहायचं काम रिसबूडांचं होतं. ते अक्षर सगळ्या गावाला पाठ होतं.

"तू का नाही बोललीस?" मी आईला विचारलं.

"ते म्हणाले, नाव घेऊ नकोस. पत्र पोलिसांकडं, आपल्याकडं काय?"

आमच्याकडे काहीच नव्हतं. एका मेलेल्या माणसाचा शब्द होता.

आणि रिसबूड? ते सत्त्याहत्तरात पुण्याला आले, नभोनाट्यांत शिरले आणि बघता बघता मोठे झाले. आवाज होताच तसा, भरलेल्या घागरीसारखा. सभांतून 'आणीबाणीतले दिवस' सांगायचे. एकदा मी स्वतः ऐकलं, "माझा जिवलग मित्र होनप तुरुंगात गेला त्या दिवसापासून मी रविवारी बुद्धिबळाला हात लावलेला नाही." लोकांनी टाळ्या वाजवल्या. मी मागच्या खुर्चीत बसून ओठ चावत होते. त्या दिवशी ठरवलं, या आवाजातून एकदा खरं काढायचंच.

डबिंगसाठी आवाज निवडायची वेळ आली तेव्हा भालेराव म्हणाले, "ब्रांटला रिसबूडसर. दुसरा विचारच नको."

मी म्हटलं, "ब्रांट पातळ ओठांचा आहे, तुटक बोलतो. सरांचा आवाज भरदार. केसलरच्या तोंडावर चपखल बसेल."

भालेरावांना पटलं, पण सर बिथरतील याची भीती वाटत होती. सर बिथरले नाहीत. मी त्यांना दोन्ही भूमिकांची पानं मोजून दाखवली. ब्रांटची बावीस, केसलरची एकतीस. नटाला आणखी काय लागतं?

पहिल्या दिवशी त्यांनी माझ्या डोक्यावरून हात फिरवला. "मास्तरांची वृंदा! एवढीशी होतीस. आप्पा असते तर केवढा अभिमान वाटला असता त्यांना."

"हो काका," मी म्हटलं.

त्यांनी केसलर फार सुंदर केला. हे कबूल करायला हवं. पत्र लिहितानाचा तो प्रसंग, पेन शाईत बुडवून थांबणं, ओठांतल्या ओठांत वाक्य जुळवणं, सगळं त्यांनी पहिल्या फटक्यात दिलं. भालेराव भारावून म्हणाले, "सर, कुठून आणता हे?" सर नम्रपणे हसले. मी काचेमागं बसून कागदावर उगीच रेघा मारत राहिले.

नऊ दिवस मी वाट पाहिली. शेवटच्या प्रसंगाचा कागद मी आदल्या दिवशी कुणालाच दिला नाही, टाइप व्हायचाय म्हणून सांगितलं. पाठमोऱ्या माणसाचं एक बरं असतं. ओठ दिसत नाहीत, त्यामुळे त्याच्या वाट्याला काहीही देता येतं. डबिंगवाले नेहमी तिथं राहिलेली वाक्यं कोंबतात. मी कोंबलेली वाक्यं अशी होती :

'पत्र मी लिहिलं. त्यात एक वाक्य मी पदरचं घातलं. पोरं दगड उचलतील असं तो म्हणाला नव्हता. कधीच.'

रिसबूडकाकांनी कागद वाचला तेव्हा मी त्यांच्या चेहऱ्याकडेच बघत होते. त्यांनी चष्मा काढला, पुसला, परत लावला. मग खांद्यांची गोष्ट काढली. मी खोटं बोलून ती निकालात काढल्यावर त्यांनी दुसरी काढली.

"दत्ता, मला वाटतं इथं मौनच जास्त परिणामकारक होईल. प्रेक्षकाला कळतं सगळं."

त्यांचं बरोबर होतं. मूळ लेखकानंही तेच केलं होतं.

भालेराव घुटमळले. "खरंय सर, पण... वृंदाताई?"

"मला मुळाबरहुकूम भाषांतर केल्याचं प्रमाणपत्र द्यायचंय संस्थेला," मी म्हणाले. "त्यावर माझी सही लागते. वाक्यं गाळली तर मी सही कशी करू? आणि काका, तुम्हाला अवघड का जातंय? चारच तर वाक्यं आहेत."

काचेतून त्यांनी माझ्याकडे बघितलं. त्या क्षणी त्यांना कळलं की मला माहीत आहे. मलाही कळलं की त्यांना कळलंय. फक्त मधे उभ्या असलेल्या भालेरावांना काही कळलं नाही, ते म्हणाले, "चला, घेऊन टाकू."

केसलर उभा राहिला. रिसबूड बोलले. सपाट, बातम्या वाचल्यासारखं.

"सर, हा तुमचा आवाज नाही," भालेराव म्हणाले. "पुन्हा."

पुन्हा. या वेळी उगाच घोगरं.

"नाटकी होतंय. तो तिच्या नवऱ्याच्या मरणाचं कबूल करतोय हो, तिच्याच दारात. आतून येऊ दे."

तिसरं. चौथं. पडद्यावरचा माणूस दारापुढे येऊन उभा राहत होता, तुटत होता, पुन्हा उभा राहत होता. एसी असून काकांच्या कपाळावर घाम आला होता. खरं सांगायचं तर मला मजा वाटत होती. आणखी शंभर वेळा फिरू दे, असं मनात म्हणत होते.

"सर, कागद बाजूला ठेवा," भालेराव म्हणाले. "डोळे मिटा. तुम्हाला पाठ आहे आता. तुम्हीच लिहिलंय असं समजून बोला."

त्या बिचाऱ्याला काय ठाऊक!

काकांनी कागद स्टँडवर उलटा ठेवला. डोळे मिटले. केसलर दारापुढे उभा राहिला, आणि स्पीकरमधून एक आवाज आला जो मी त्यापूर्वी कधी ऐकला नव्हता. भरलेला नाही, घडवलेला नाही. म्हाताऱ्या माणसाचा, थोडा फाटलेला.

"पत्र मी लिहिलं. त्यात... दोन वाक्यं मी पदरची घातली. पोरं दगड उचलतील असं तो म्हणाला नव्हता. कधीच."

मग भालेरावांनी टेबलावर हात आपटला. "हेच! सर, हेच! फक्त कागदावर 'एक' आहे, तुम्ही 'दोन' म्हणालात."

काकांनी डोळे उघडले. "दोन म्हणालो?"

"हो."

"चूक झाली," ते घाईनं म्हणाले. "एक. एकच. परत घेऊ."

त्यांनी आणखी तीनदा घेतलं. तिन्ही वेळा बातम्या वाचल्या. भालेराव वैतागून म्हणाले, "पाचवाच ठेवू. पाठमोरा माणूस आहे, एक काय नि दोन काय. वृंदाताई, कागदावर दुरुस्ती करता का?"

"आनंदानं," मी म्हणाले, आणि 'एक'वर काट मारून 'दोन' केलं. त्याच पेनानं प्रमाणपत्रावर सही केली. 'हे भाषांतर मुळाबरहुकूम असून पदरचं काही घातलेलं नाही.' खाली वृंदा होनप, ठळक अक्षरात. मला कसलीही लाज वाटली नाही. आमच्याकडे नसलेला पुरावा माझ्या हाती आला होता. मी एकच वाक्य लिहिलं होतं, मला एकच माहीत होतं. दोन होती हे पत्र लिहिणाऱ्यालाच ठाऊक असणार.

जिन्यात मी त्यांना गाठलं. "दुसरं कोणतं, काका?"

"कसलं दुसरं?"

"दुसरं वाक्य."

"तो टेक काढायला सांग दत्ताला," ते कठड्याला धरून म्हणाले. "तुझ्या पाया पडतो, वृंदे. माझं नाव आहे गावात. मुलीचं लग्न व्हायचंय."

"माझ्या आप्पांचंही नाव होतं गावात," मी म्हणाले आणि त्यांच्यापुढून खाली उतरले. फार दिवसांनी पायांत जोर आला होता.

तिसरा भाग रविवारी सकाळी लागला. आई आणि मी कोथरूडला दोन खोल्यांत राहायचो, टीव्ही पलंगासमोर. मी आईला आधी काही सांगितलं नव्हतं, नाटक बघ एवढंच म्हटलं होतं. रिसबूडांचा आवाज पहिल्या भागातच तिनं ओळखला होता. "भावजी ना हे?" एवढंच बोलली आणि बघत राहिली.

शेवटी केसलर दारापुढे उभा राहिला. पत्र मी लिहिलं. त्यात दोन वाक्यं मी पदरची घातली.

नावं वर सरकू लागली. आईनं उठून टीव्ही बंद केला. मी तिच्या तोंडाकडे बघत होते. तिला आनंद होईल, रडेल, मला जवळ घेईल असं काहीतरी मला वाटलं होतं.

"हे तू लिहिलंस?" तिनं विचारलं.

"हो. म्हणजे मी 'एक' लिहिलं होतं. 'दोन' ते स्वतःच बोलले. चुकून."

आई पलंगावर बसली. "म्हणजे विसरलेला नाही मेला."

"आई, दोन होती हे तुला माहीत होतं?"

ती पदराचं टोक बोटाला गुंडाळत राहिली. मग म्हणाली, "त्यांनी मला शपथ घातली होती. पण आता जगजाहीर झालंय, लपवून काय करू? दुसरं तुझ्याबद्दल होतं."

"माझ्याबद्दल?"

"पुण्यात सरकारविरुद्ध पत्रकं निघतात, ती होनपांची मुलगी हॉस्टेलात टाइप करते. असं."

मी हसलेच. मी हॉस्टेलातल्या मेसच्या तक्रारअर्जावरसुद्धा कधी सही केली नव्हती. टाइपरायटरला माझा हात लागला तो पुढे पाच वर्षांनी. "अगं पण हे खोटं आहे!"

"पहिलं तरी कुठं खरं होतं? तो साहेब त्यांना म्हणाला, मास्तर, दगडांचं कबूल करा, तर मी मुलीच्या ओळीवर शाईची दौत सांडतो. नाहीतर उद्या गाडी पुण्याला पाठवतो. तीन दिवस ते नाहीच म्हणाले. चौथ्या दिवशी गाडी खरंच फाटकात आणून उभी केली. मग केली सही. त्यांच्यापुढंच शाई सांडली त्यानं. माणूस शब्दाचा पक्का निघाला, एवढंच."

"आणि मला म्हणाले, दमलो होतो."

"तू पोर होतीस. तुला कळलं असतं तर तू जन्मभर ओझं वाहिलं असतंस, म्हणाले. त्यापेक्षा चिडू दे माझ्यावर."

मी चिडले होते. पुरती दोन वर्षं. औषध घेतलं का, पंखा लावू का. माझ्या आवडत्या जर्मन मास्तरासारखे तुम्ही का नव्हता, हेच मी त्यांना डोळ्यांनी विचारत राहिले होते, तो मास्तर मला भेटायच्या कितीतरी आधी. ज्या माणसासाठी सूड घ्यायला मी खोटी सही केली, त्याला मी स्वतः शिक्षा करून बसले होते.

आई उठली. कपाटातून तिनं बाहेर जायची साडी काढली.

"कुठं निघालीस?"

"खाली. घरमालकांकडं फोन आहे ना? भावजींचा नंबर त्या जाड्या पुस्तकात असेल."

गुडघ्यांमुळं आई चार महिने जिना उतरली नव्हती. त्या दिवशी एकेक पायरी धरून उतरली. नंबर मी शोधला, फिरवला आणि रिसीव्हर तिच्या कानाला लावला. पलीकडून तो भरदार आवाज मलाही ऐकू आला. "हॅलो, रिसबूड बोलतोय." सकाळपासून कौतुकाचे फोन येत असणार, आवाजात ते होतं.

"भावजी," आई म्हणाली, "मी होनप मास्तरांची बायको. नाटक पाहिलं. दोन्ही वाक्यं पोचली."

पलीकडे काहीच आलं नाही. आईनं थोडा वेळ वाट पाहिली, जशी पाहुण्याच्या उत्तराची पाहतात, आणि रिसीव्हर नीट जागेवर ठेवला.

त्यानंतर रिसबूडांचा आवाज कुठं ऐकू आला नाही. रेडिओवर नाही, सभांत नाही. घशाचा विकार, असं भालेराव सांगायचे. मला त्याचं वाईट वाटलं नाही, आजही वाटत नाही. त्यांनी जाता जाता एक केलं. महिन्याभरात जर्मन संस्थेकडे एक निनावी पत्र गेलं की भाषांतर करणाऱ्या बाईंनी शेवटी पदरची वाक्यं घातली आहेत. संस्थेतल्या बाईंनी ते माझ्यापुढे ठेवलं. अक्षर मात्र सुरेख होतं, ठसठशीत, फळ्यावर लिहिल्यासारखं. "हे खरं आहे?" त्यांनी विचारलं. मी म्हटलं, "अगदी खरं. या माणसानं आयुष्यात पहिल्यांदा खरं पत्र लिहिलंय." माझं काम गेलं. पत्र मी मागून घेतलं, ते अजून माझ्याकडे आहे.

पण हे सगळं पुढचं. त्या रविवारी फोन ठेवून आम्ही वर निघालो. आईचा एक हात कठड्यावर, एक माझ्या खांद्यावर. अर्ध्या जिन्यात ती थांबली. मी विचारलं, "काय झालं? दुखतंय का?"

"नाही," ती म्हणाली. "दमले गं."

मला पुढची पायरी चढता येईना. मी तिथंच खाली बसले आणि तिच्या गुडघ्यांना मिठी मारून आप्पांना हाका मारत राहिले. घरमालकांचं दार उघडलं, बंद झालं. आईनं मला उठवलं नाही.